चळतीतली सगळ्यात खालची

मित्रांनो, मी एक जुनी ताटली आहे, आणि मी रागावलेली आहे. आपली जीवनकहाणी सांगणाऱ्या वस्तू सहसा फार गोड बोलतात. मोडकी खुर्ची काय, फाटकी छत्री काय, आपलं दुःख हळू आवाजात सांगतात आणि शेवटी तुम्हाला आशीर्वाद देऊन मोकळ्या होतात. मला ते जमणार नाही. माझ्या डोक्यावर वर्षानुवर्षं बाकीच्या ताटल्यांचं ओझं आहे. तुमच्या डोक्यावर असतं तर तुम्हीही गोड बोलला नसता.

जन्माने मी साधा पोलादी पत्रा. कारखान्यात यंत्राने मला दाबून गोल केलं, कडा वळवल्या, मग काचेची बारीक पूड कालवलेल्या दाट पाण्यात बुडवून भट्टीत घातलं. आतमध्ये ती काच वितळली आणि माझ्या अंगाला कायमची चिकटली. त्यालाच इनॅमल म्हणतात. भाजताना काय होतं ते मी सांगत बसत नाही, तुम्ही लहान आहात. बाहेर आले तेव्हा मी पांढरीशुभ्र होते. एका बाईने मला फिरत्या चाकावर ठेवून कडेने निळी रेघ ओढली, आणि माल तपासणाऱ्या माणसाने नखाने टिचकी मारून माझा आवाज ऐकला. "ही छान वाजते," तो म्हणाला. एवढं कौतुक मला पुढे बरीच वर्षं पुरवून खावं लागलं.

तिथून मी एका तंत्रशिक्षण संस्थेच्या कॅंटीनमध्ये आले. कॅंटीन चालवणाऱ्या मावशी मोठ्या शिस्तीच्या. जेवण वाढायच्या टेबलाच्या डाव्या टोकाला ताटल्या, मग चमचे, मग भात, मग भाजी, शेवटी पाण्याचे पेले. पहिली काही वर्षं माझी चैन होती. गरम भाताखाली मी चांगली तापायची, मग धुण्याच्या मोरीत थंड व्हायची आणि पुन्हा टेबलावर जायची. एकदा एक विद्यार्थी पुस्तक वाचत वाचत चालला होता. तो खांबावर आदळला आणि मी फरशीवर. माझ्या कडेजवळ टवका उडाला आणि पांढऱ्या अंगावर वाटाण्याएवढा काळा ठिपका उघडा पडला.

मावशींनी मला उजेडात धरून पाहिलं. "गळत बिळत नाही. पण साहेब लोकांपुढे नको. राहू दे खाली," त्या म्हणाल्या आणि मला सगळ्यांच्या तळाशी सारून दिलं. खांबाकडे न बघणारा तो विद्यार्थी पुढे पास होऊन मोठ्या नोकरीला लागला असं ऐकते. शिक्षा मला झाली.

तळाशी राहणं म्हणजे काय ते तुम्हाला कळणार नाही, म्हणून सांगते. धुतलेली ताटली आली की वर ठेवतात. जेवायला माणूस आला की वरचीच उचलतो. ती पुन्हा धुऊन येते, पुन्हा वर बसते, पुन्हा पहिली जाते. त्याच त्या वरच्या ताटल्या दिवसभर मिरवतात आणि खालच्यांची पाळी येत नाही. त्याच टेबलासमोर माणसांची रांगही असायची. रांगेत जो आधी आला त्याला आधी जेवण. मध्येच कुणी घुसला तर केवढा आरडाओरडा व्हायचा. "आम्ही काय इथे झक मारायला उभे आहोत का?" असं एक सुतारकामाचे शिक्षक रोज म्हणायचे. आणि हीच न्यायाची चाड असलेली माणसं हात लांबवून सगळ्यात शेवटी आलेली ताटली सगळ्यात आधी उचलायची. स्वतःला रांग आणि आम्हाला हे. माझ्या अंगाची नुसती लाही लाही व्हायची.

हे असं का, ते मला बाईंमुळे कळलं.

बाई संगणकाच्या वर्गाच्या नव्या शिक्षिका. हा वर्ग दुपारचा, आणि नोकरी करणाऱ्या मोठ्या माणसांसाठी होता. एके दिवशी त्या आपली सगळी फौज घेऊन कॅंटीनमध्ये आल्या. चेहरे बघण्यासारखे होते. जणू सगळ्यांचे दात एकदमच दुखत होते.

"कालच्या धड्यातली व्याख्या पाठ आहे?" बाईंनी विचारलं.

"आहे, बाई," सगळे म्हणाले.

"समजली?"

सगळ्यांच्या नजरा टेबलावर खिळल्या. मग सगळ्यात मागे बसलेल्या एका बाईमाणसाने हळूच हात वर केला. वर्गात ती वयाने मोठी, म्हणून सगळे तिला ताई म्हणायचे. "बाई, खरं सांगू का? ती तोंडात बसते, पण डोक्यात शिरत नाही."

बाई उठल्या. "मावशी, जरा ताटल्या घेऊ का?"

"घ्या. पण जागच्या जागी ठेवा, मला जेवणाची वेळ सांभाळायची आहे."

बाईंनी ताटल्यांचा अख्खा ढीग आपल्या टेबलावर आणला. तळाशी मी होतेच. त्या म्हणाल्या, "आता मला एक ताटली हवी. कुठली उचलू?"

"वरची," ताई म्हणाली.

"सगळ्यात खालची का नको?"

"ओढली तर सगळ्या कोसळतील की. खालची हवी असेल तर आधी वरच्या काढाव्या लागतील."

"म्हणजे शेवटी ठेवलेली आधी निघते आणि आधी ठेवलेली शेवटी. अशा ढिगाला आपण घरी काय म्हणतो?"

ताईने क्षणभर विचार केला. "चळत म्हणतो."

"संगणकाच्या पोटातही तेच असतं. गोष्टी चळतीने ठेवायच्या, वरून काढायच्या. झालं. एवढंच आहे ते," बाई म्हणाल्या.

टेबलाभोवती एक मोठा सुस्कारा सुटला. मलाही हायसं वाटलं, मित्रांनो. माझ्यावर अन्याय होत होता हे खरं, पण निदान त्याला नाव होतं, नियम होता. त्यानंतर बाई वारंवार येऊ लागल्या. माणसांच्या रांगेकडे बोट दाखवून त्या रांग शिकवायच्या. चमचे लहानमोठे लावून क्रम लावणं शिकवायच्या. कुणाला कळलं नाही तर त्याच्यावर न चिडता दुसऱ्या बाजूने सांगायच्या. कॅंटीनमध्ये इतकं हसणं मी त्याआधी ऐकलं नव्हतं.

ताईची गोष्ट मला तिच्याच बोलण्यातून कळली. ती एका कार्यालयात टायपिस्ट होती. तिथले टाइपरायटर गेले, संगणक आले. वरून हुकूम आला की या वर्गाचं प्रमाणपत्र आणेल तो संगणकावर बसेल, बाकीच्यांनी टपालखोलीत जाऊन पाकिटं चिकटवावीत. ताईची बोटं सगळ्या कार्यालयात सगळ्यात वेगवान. लोक नुसतं बघायला उभे राहायचे म्हणे. "मला पाकिटं चिकटवण्याची लाज नाही, बाई. पण मला जे येतं ते सोडून मी का जावं?" ती म्हणायची. मला हे अगदी पटायचं. जी वस्तू धडधाकट आहे तिला तळाशी का घालता?

पण प्रमाणपत्राच्या वाटेत तोंडी परीक्षा होती, आणि परीक्षा घेणार होते विभागप्रमुख. सगळी संस्था त्यांना पाठीमागे व्याख्यासर म्हणायची. त्यांनी वर्गासाठी एक पुस्तिका लिहिली होती. तिच्यात चळत हा शब्द औषधालाही नव्हता. तिथे होतं 'अंत्यप्रविष्टाद्यनिर्गत राशी'. शब्द सरांनी स्वतः घडवलेला. शेवटी आत गेलेली आधी बाहेर येते, अशी वस्तूंची रास, हा त्याचा अर्थ. अर्थ चोख होता, पण तो शब्दाच्या आत इतका खोल पुरलेला की काढायला कुदळ लागावी.

ताईचा नवरा गॅरेजमध्ये काम करायचा. संध्याकाळी तो तिला न्यायला आला की दोघं कॅंटीनमध्ये चहा घ्यायची आणि ती पाठांतर करायची.

"अंत्यप्रविष्टाद्यनिर्गत," ती डोळे मिटून म्हणाली.

"हे आजाराचं नाव आहे की औषधाचं?" त्याने विचारलं.

"अहो, थट्टा करू नका. आता कुठे जिभेवर बसतंय."

"अगं, पण ते आहे काय?"

ताईने पुढ्यातल्या तीन बश्या एकमेकींवर ठेवल्या आणि वरची उचलून दाखवली. "हे."

"मग हेच का नाही सांगायचं परीक्षेत?"

"तसं चालत नाही," ती म्हणाली आणि पुन्हा डोळे मिटले.

तोंडी परीक्षा नेहमी कॅंटीनमध्येच व्हायची, कारण तिथली टेबलं मोठी आणि चहा हाताशी. सर मधल्या टेबलावर बसले. बाई नियमाप्रमाणे शेजारी, पण गप्प राहायचं अशा अटीवर. ताईची पाळी आली. तिने कागदावर एक छोटा प्रोग्रॅम लिहिलेला होता आणि तो अगदी बरोबर होता, हे बाईंच्या चेहऱ्यावरून कळत होतं. सरांनी कागद पाहिला. प्रोग्रॅममधल्या चळतीत या क्षणी काय काय आहे, एवढंच त्यांना विचारायचं होतं. पण तसं विचारतील तर ते सर कसले.

"तुमची राशी सांगा," ते म्हणाले.

ताईच्या तोंडचं पाणी पळालं होतं. ते लांबलचक नाव ती मनातल्या मनात घोकत होती. तेवढ्यात नुसताच 'राशी' शब्द कानावर पडला, आणि लहानपणापासून या प्रश्नाला जे उत्तर देत आली तेच तिने दिलं.

"वृश्चिक."

सगळं कॅंटीन हसलं. पाळीची वाट बघणारे हसले, परीक्षा देऊन बसलेले हसले, सरही हसले. "अहो, तुम्हाला इथे भविष्य सांगायला नाही बोलावलं," ते म्हणाले आणि कागदावर नापास असा शेरा मारला. ताईने पिशवी उचलली. खुर्ची नीट आत सरकवली. ती रडली असती तर मला बरं वाटलं असतं. पण ती कुणाकडेही न बघता सरळ दाराबाहेर गेली.

मित्रांनो, त्या हसण्याचा मला अजून राग आहे. शब्द सरांचा, दुहेरी अर्थ त्या शब्दाचा, आणि फजिती ताईची. ज्या भाषेत माणूस राशी म्हटल्यावर सिंह, कन्या, वृश्चिक एवढंच ओळखतो, त्या भाषेत तोच शब्द घेऊन कुणी कोडं घालत असेल, तर अडाणी कोण ठरतो? मला तोंड असतं तर मी तिथेच विचारलं असतं. ताटलीला तोंड नसतं. फक्त पाठ असते, आणि ती ओझ्याखाली.

बाईंना मात्र तोंड होतं. परीक्षा संपल्यावर त्यांनी दोन चहा मागवले आणि सरांसमोर बसल्या.

"सर, तिला चळत येते. तुम्ही चळत विचारलीच नाहीत."

"चळत हा शब्द पुस्तिकेत नाही."

"पुस्तिका तुम्हीच लिहिली आहे."

"म्हणूनच मला माहीत आहे," सर म्हणाले.

बाईंनी कप खाली ठेवला. "टायपिस्टला नापास करून तुम्ही काय मिळवलंत? तिने प्रोग्रॅम बरोबर लिहिला होता."

"मी काही मिळवायला बसलेलो नाही. ऐका, तुम्हाला वाटतं मी मुद्दाम अवघड करतो. हे शास्त्र आपल्या भाषेत यावं म्हणून मी किती सुट्ट्या घालवल्या, माहीत आहे? लोक म्हणायचे, या भाषेत हे जमणारच नाही. मी एकेक शब्द घडवला. आणि तुम्ही त्याच्या जागी ताटल्या आणून ठेवता."

"ताटल्यांनी त्यांना कळतं."

"काय कळतं? तुमच्या एका विद्यार्थ्याला मी विचारलं, चळतीत काय ठेवतात. तो म्हणाला, भात. दुसऱ्याने आकृतीत नळ काढला होता आणि साबण. शिवाय तुमची उपमाच खोटी आहे. मावशी रोज चार ताटल्या एकदम उचलतात. मधूनसुद्धा काढतात. संगणकाच्या चळतीत असं चालतं का? सोपं करून सांगण्याच्या नादात तुम्ही चुकीचं सांगता."

मला खोटं बोलायचं नाही, मित्रांनो. हे ऐकून मी गार पडले. माणूस खडूस होता, पण बोलला ते बरोबर होतं. मावशी खरंच मधूनही ताटल्या काढायच्या. फक्त माझ्यापर्यंत कधी पोचायच्या नाहीत.

बाईंनी कप बाजूला सरकवला. मग म्हणाल्या, "उपमा कुठेतरी तुटते, हे मला मान्य आहे. ती कुठे तुटते ते मी सांगायला हवं होतं. ती चूक माझी. पण तुमची व्याख्या तर सुरूच होत नाही. तिचा हात धरून कुणी कुठेही पोचत नाही. तिची परीक्षा पुन्हा घ्या."

"घेतो. उद्या नाही, पुढच्या आठवड्यात. ताटल्याही वापरू द्या तिला. पण मी तिची उपमा मोडून बघणार. मोडली, तर यापुढे तुम्ही पुस्तिकेतूनच शिकवायचं, शब्दाला शब्द."

"चालेल," बाई म्हणाल्या. त्यांचा चहा तसाच राहिला होता.

म्हणजे आता ताईचं संगणकावरचं काम आणि बाईंची शिकवण, दोन्ही आमच्या पाठीवर आलं. त्या आठवड्यात ताई रोज आली. आणि पहिल्याच दिवशी बाई तिला जे म्हणाल्या ते ऐकून मी बाईंवरही भडकले. "शेवटी ताटल्या विसरायच्या आहेत, लक्षात ठेवा," त्या म्हणाल्या. वा. इतकी वर्षं ओझं वाहिलं, तुमच्या वर्गाला अक्कल दिली, आणि शेवटी काय, विसरायच्या? कामापुरता मामा, तसा हा प्रकार. दोन दिवस मी मनातून बाईंशी बोलले नाही.

तिसऱ्या दिवशी ताईनेच तो प्रश्न विचारला. "बाई, विसरायच्याच तर आणता कशाला?"

"लहान पोराला चालायला शिकवताना आपण बोट देतो ना? ते काय जन्मभर धरून ठेवायला देतो का? पण बोट न देता नुसतं 'चाल' म्हणून ओरडलो तर ते चालेल का?"

"बरं. मग बोट कधी सोडायचं?"

"जिथे ताटल्या आणि संगणक वेगळे वागतात तिथे. ती जागा ज्याला सांगता आली त्याला चळत समजली."

मग दोघी बसून ती जागा शोधू लागल्या. माझा राग थोडा उतरला. पूर्ण नाही.

परीक्षेचा दिवस उजाडला. जेवणाची वेळ जवळ आली होती. मावशींनी चांगल्या ताटल्या टेबलावर लावून ठेवल्या आणि ताईला टवके उडालेल्या, डाग पडलेल्या दिल्या. अर्थातच मी त्यांत. ताईने रिकाम्या जागी पहिली ताटली ठेवली ती मीच. म्हणजे पुन्हा तळाशी. माझ्या नशिबाला म्हणावं तरी काय.

"सर, मी टायपिस्ट आहे," ती म्हणाली. "टाइपरायटरवर चूक झाली तर कागद फुकट जायचा. संगणकात अनडूचं बटण असतं. ते दाबलं की शेवटचं टाइप केलेलं आधी जातं, मग त्याच्या आधीचं. ते तसं का, हे मी दाखवते. एक ताटली म्हणजे एक अक्षर."

"कुठला शब्द घेणार?" सरांनी विचारलं.

"तुमचाच."

तिने फळ्यावर लिहायचं काळं मार्कर काढलं आणि माझ्या मधोमध पहिलं अक्षर लिहिलं. इनॅमलवर ते सुरेख उमटतं आणि ओल्या फडक्याने पुसलंही जातं. मग दुसरी ताटली आली, तिच्यावर 'त्य'. मग 'प्र', मग 'वि'. ताटल्या माझ्यावर चढत गेल्या आणि अंधार झाला. नेहमीचंच. शेवटी तिने 'त' लिहिलेली ताटली वर ठेवली.

"थांबा," सर म्हणाले. ते पुढे वाकून एकेक अक्षर बघत बसले होते. "पहिल्या अक्षरावरचा अनुस्वार राहिला. तुम्ही 'अंत्य' नाही, 'अत्य' लिहिलंत."

ताईचा चेहरा मला दिसत नव्हता.

"दुरुस्त करा," सर म्हणाले. "तेवढीच ताटली काढा मधून. मावशी काढतात तशी. सांगा, का नाही काढायची?"

उपमा मोडायची म्हणतात ती ही जागा. बाईंचा पाय टेबलाखाली हलायचा थांबला.

"काढता येईल, सर," ताई म्हणाली. "ताटल्यांच्यात काढता येईल. मावशींना सगळा ढीग दिसतो, त्यांना हात आहेत. पण मग ती चळत नाही राहिली, ते कॅंटीन झालं. संगणकात चळत म्हणजे आपण स्वतःला घालून घेतलेला नियम. ठेवायचं तर वर, काढायचं तर वरून. अनडूला तेवढंच एक दार आहे. म्हणून इथून पुढे मला ताटल्या सोडाव्या लागतात. नियम तेवढा राहतो."

सर खुर्ची करकरवत मागे टेकले. मग म्हणाले, "बरं. नियमाने दुरुस्त करा."

ताईने वरची 'त' काढली आणि बाजूला ठेवली. तिच्या खालची काढली आणि तिच्यावर ठेवली. एकेक करत ओझं उतरत गेलं. बाजूला दुसरी चळत उभी राहत होती. शेवटची ताटली माझ्यावरून निघाली आणि इतक्या वर्षांनी मी भर दुपारच्या उजेडात, सगळ्यांच्या समोर, एकटी उघडी पडले. माझ्यावर मोठं काळं 'अ' होतं, त्याच्या डोक्यावर काही नाही, आणि डाव्या कडेला माझा तो टवका.

ताईने अनुस्वार द्यायला मार्कर उचललं. मग ती थांबली. माझ्याकडे बघत राहिली. मार्कर खाली ठेवून तिने 'अ' ओल्या बोटाने पुसलं, मला थोडं फिरवलं आणि टवका वरच्या बाजूला आणला. मग त्याच्या बरोबर खाली पुन्हा 'अ' लिहिलं.

"अं," ती म्हणाली.

बाईंना हसू आवरेना. सरांनी चष्मा काढला, पुसला, पुन्हा लावला. माझ्या काळ्या ठिपक्याकडे ते बराच वेळ बघत होते. मी म्हटलं, बघा. नीट बघा. याच ठिपक्यापायी मला खाली घातलं होतं.

ताईने मला उचललं आणि दुसऱ्या चळतीवर ठेवलं. सगळ्यात वर.

"व्याख्या सांगा," सर म्हणाले, पण आवाज उतरला होता.

"शेवटी ठेवलेलं आधी काढायचं आणि वरूनच काढायचं, असा नियम पाळणारा साठा. पुस्तिकेत त्याला अंत्यप्रविष्टाद्यनिर्गत राशी म्हटलं आहे. मी त्याला चळत म्हणते."

"पास," सर म्हणाले. शेऱ्यात त्यांनी वर लिहिलंच, की योग्य संज्ञेस प्राधान्य न दिल्याने काही गुण कापले. ते वाचून बाई भडकल्या, पण ताईने त्यांच्या हातावर हात ठेवला. पाकिटं चिकटवायला आता दुसरं कुणीतरी जाणार होतं, आणि तेवढ्यावर ती खूश होती. मी नव्हते. बरोबर उत्तराचे गुण कापून घेणाऱ्यावर मी खूश का व्हावं?

तेवढ्यात जेवणाची घंटा झाली. गर्दी उसळली. बघता बघता चांगल्या ताटल्या संपल्या, तेव्हा मावशींनी घाईघाईत आमची चळत फडक्याने पुसून होती तशीच उचलून टेबलावर ठेवली. रांगेत पुढे होते व्याख्यासर. त्यांनी हात पुढे केला आणि टवका बघून मागे घेतला. माझ्यावर 'अ'ची पुसट खूण अजून होती.

"मावशी, ही नको. खालची एखादी चांगली काढून द्या."

"वरचीच घ्यायची, साहेब," मावशी भात ढवळत म्हणाल्या. "चळत आहे ती."

रांगेत कुणीतरी खुदकन हसलं. मला वाटतं, सुतारकामाचे शिक्षक असावेत. सरांनी मला उचललं, माझ्यावर भात वाढून घेतला आणि खिडकीशी जाऊन एकटेच जेवले. जेवण संपल्यावर त्यांनी खिशातलं पेन काढून कागदी रुमालावर एक शब्द लिहिला, आणि त्याच्या शेजारी दुसरा. पहिला मोठा होता, दुसरा तीनच अक्षरांचा. रुमालाची घडी करून त्यांनी तो खिशात ठेवला. पुस्तिका बदलली की नाही, ते मला माहीत नाही. पुस्तिका कॅंटीनमध्ये येत नाहीत.

तर मित्रांनो, माझं मागणं फार नाही. माझ्या टवक्यावर तारेची घासणी फिरवू नका, तिथून गंज धरतो. धुतलेल्या ताटल्या ठेवताना कधीतरी वरच्या उचलून त्यांच्या खाली ठेवा, म्हणजे तळातल्यांनाही ऊन लागेल. आणि पुढे तुम्ही शिकलात, मोठे झालात, कुणाला काही समजावून सांगायला बसलात, तर "समजलं?" असं विचारून लगेच पुढचं पान उलटू नका. सगळ्यात मागे कुणी हात अर्धाच वर केला असेल. तो हात वर येईपर्यंत थांबा. तोवर तुमचे मोठे शब्द बाजूला काढून ठेवा, एकावर एक. ते कुठे पळून जात नाहीत.